गेशेबाईंचं शेवटचं बाळंतपण

टाल्केबाईंची चहाची किटली परत द्यायची होती, एवढंच काम होतं.

मेकअप करणारी सिग्रुन म्हणालीसुद्धा, "अगं ठेव ना, मी देते नंतर." पण आल्मुटला बसवत नव्हतं. सकाळपासून धुकं उतरलं होतं. कॅमेरे झाकून सगळे गोठ्यात नुसते बसून होते. कुणी पत्ते कुटत होतं, कुणी गवताच्या गंजीला टेकून डुलक्या काढत होतं. आल्मुट वेंडलांट मात्र खुर्चीतून दारात आणि दारातून खुर्चीत अशा येरझाऱ्या घालत होती. मालिकेचा शेवटचा दिवस होता. एकच प्रसंग उरला होता, तो झाला की बोट येणार, सामान चढणार आणि सगळं संपणार. अंगावर गेशेबाईंचा जाड निळा कोट, एका हातात त्यांची चामड्याची बॅग. दुसऱ्या हातात किटली घेऊन ती निघाली. बॅग कशाला घेतली, तिचं तिलाही कळलं नाही. इतक्या वर्षांत हाताला सवय झाली होती.

गेशेबाई म्हणजे तीच. रस्त्यात, दुकानात, दाताच्या डॉक्टरकडे, कुठेही गेली तरी लोक तिला गेशेबाईच म्हणत. आल्मुट हे नाव फक्त करारावर उरलं होतं.

रोस्टॉकला मासळीच्या कारखान्यात काम करणाऱ्या बाईची ही मुलगी. नाटकशाळेत गेली, आणि विशीत पूर्वेकडच्या एका सिनेमात क्रेन चालवणारी पोरगी झाली. त्या वर्षी तिचा फोटो गावोगावच्या भिंतींवर लागला होता. मग दुसरी भिंत, बर्लिनची, पडली, देश एक झाला आणि तिचं काम गेलं. जिथे ती नायिका होती, तो देशच उरला नाही. पश्चिमेकडच्या लोकांनी तिला विचारलं, "तुम्ही आधी काय करत होतात?" पुढची काही वर्षं तिनं मिळेल ते केलं. धुण्याच्या पावडरीला आवाज दिला. पोलिसी मालिकांत साक्षीदार झाली, मोलकरीण झाली, आणि तीन-चारदा तर नुसतं प्रेत झाली. श्वास रोखून थंड फरशीवर पडायचं, बस्स. "तू मेलेली फार छान दिसतेस," असं एक दिग्दर्शक तिला कौतुकानं म्हणाला होता. ते वाक्य तिला अजून टोचत असे.

आणि मग चाळिशी उलटल्यावर गेशेबाई आल्या. उत्तर समुद्रातल्या या चिमुकल्या सपाट बेटावरची सुईण. दर रविवारी संध्याकाळी ती धुक्यातून, वादळातून, भरतीच्या पाण्यातून बाळंतिणीपर्यंत पोचायची. खऱ्या सुईणीनं तिला महिनाभर शिकवलं होतं, डोकं कसं धरायचं, नाळ कशी चाचपायची, श्वास कसा मोजायचा. बाळ म्हणजे रबराची बाहुली असायची, मलई आणि जॅम फासलेली. वाहिनीची एकच अट होती, मूल दगावता कामा नये. रविवारी लोक जेवायला बसलेले असतात. त्यामुळे तेरा-चौदा वर्षांत गेशेबाईंच्या हातून एकही मूल गेलं नाही.

टाल्केबाई चुलीपाशी बसल्या होत्या. त्यांचं घर मातीच्या उंचवट्यावर होतं, इथली सगळीच घरं तशी. वादळात समुद्र कुरणावर चढतो तेव्हा उंचवटे तेवढे वर राहतात. बेटावर अशी मोजून चार घरं. मालिकेत गेशेबाईंचं घर म्हणून दिसायचं ते टाल्केबाईंचंच, पण फक्त बाहेरून. आतल्या खोल्या हॅम्बुर्गच्या स्टुडिओत होत्या.

"बस. चहा घे," म्हातारी म्हणाली. खडीसाखरेचा खडा कपात टाकून तिनं वरून चहा ओतला. खडा तडकला. "संपलं म्हणे तुमचं?"

"आजच. तुम्हाला बरं वाटत असेल. दरवर्षी आमचा गोंधळ तुमच्या दारात."

"मला कशाला बरं वाटेल? माझी रविवारची करमणूक गेली." म्हातारी थांबली. "नुसती माझीच नाही म्हणा."

"अजून कोण बघतं इथे? शेजारचे तर म्हणतात, आमच्याकडे टीव्हीच नाही."

"मी पडदे ओढून बघते. आधी नव्हते ओढत." टाल्केबाईंनी खिडकीकडे पाहिलं. काचेबाहेर पांढरं धुकं टेकून बसलं होतं. "मग बाहेर फार गर्दी व्हायला लागली."

आल्मुट हसली. म्हातारी नव्वदीला आली होती आणि हल्ली असं काहीबाही बोलायची. खिडकीसमोर गर्दी व्हायला तिथे होतं काय? कुरण संपलं की चिखल, चिखल संपला की समुद्र. पूर्वी म्हणे त्या चिखलाच्या जागी एक वाडी होती, चर्च होतं. एका वादळात ती सगळी वाडी माणसं-गुरांसकट गेली. ही गोष्ट बोटवाला प्रत्येक नव्या माणसाला सांगायचा आणि नव्या माणसानं अंगावर काटा आल्याचं दाखवायचं, असा रिवाज होता.

"आज बाहेर हिंडू नकोस," टाल्केबाई म्हणाल्या. "आणि तो कोट काढून ठेव."

"शॉट व्हायचाय अजून."

म्हातारीनं किटली उचलून फळीवर ठेवली.

आल्मुट बाहेर पडली आणि उंचवट्याच्या पायऱ्या उतरून गोठ्याकडे वळली, तेव्हा वाटेत एक माणूस उभा होता. उंच, खांद्यातून वाकलेला. टोपी हातात धरलेली, केस कपाळाला चिकटलेले. अंगात जुन्या पद्धतीचा लोकरी सदरा. एक्स्ट्रांपैकी असणार, तिला वाटलं. वेषभूषावाल्यांनी आज मेहनत घेतलेली दिसते.

"गेशेबाई," तो हळूच म्हणाला, "चला. वेळ झालीय."

"यॉर्ननं बोलावलं? धुकं हटलं का?"

"वीब्के कालपासून अडलीय, बाई. मूल आडवं होतं, आता फिरलंय. पण तिच्यात त्राण नाही."

वीब्के असं कुणी आजच्या प्रसंगात नव्हतं. मग तिच्या डोक्यात प्रकाश पडला. सकाळपासून सगळे कोपऱ्याकोपऱ्यात कुजबुजत होते, ती आली की गप्प होत होते. शेवटचा दिवस, म्हणजे काहीतरी गंमत ठरवली असणार. कुठल्या तरी तंबूत केक, शॅम्पेन आणि रडारड. यॉर्न दिग्दर्शक म्हणून बरा होता, पण असले पोरखेळ त्याला फार आवडायचे. बिचाऱ्यांचा हिरमोड कशाला करा?

"चला तर मग," ती गेशेबाईंच्या आवाजात म्हणाली. "पाणी तापत ठेवलंय ना?"

त्या माणसाचा चेहरा असा उजळला की तिला कसंसंच झालं. इतका चांगला अभिनय एक्स्ट्रा करत नाहीत.

तो पुढे, ती मागे. कुरणातलं गवत संपलं. पायाखाली लाकडी फळ्या लागल्या, मग फळ्याही संपल्या आणि चिखल लागला. ओहोटी होती. चिखलातून बुडबुडे फुटल्याचा बारीक, सतत चाललेला आवाज येत होता, हजारो तोंडं एकदम काही पुटपुटत असावीत तसा. मागे सिग्रुनचं हसणं ऐकू येत होतं ते विरलं.

"फार लांब आणलंत हो," ती म्हणाली. "यॉर्नला सांगा, माझे बूट वाहिनीचे आहेत."

तो चालतच राहिला. धुक्यातून एक उंचवटा वर आला. त्यावर गवती छपराचं एक बसकं घर.

आल्मुट थबकली. तेरा-चौदा वर्षं ती या किनाऱ्यावर येत होती. या बाजूला घर नव्हतं. मग वाटलं, सेट असेल. शेवटच्या भागासाठी खर्च केला असेल. तिनं दाराच्या चौकटीला हात लावला. लाकूड फुगलेलं, ओलं होतं आणि त्यावर शिंपले चिकटलेले होते... आतूनसुद्धा.

खोलीत तेलाचा दिवा होता. चूल पेटलेली होती, पण तिची धग लागत नव्हती. भिंतीला लागून माणसं उभी होती, बाया, पुरुष, म्हातारेकोतारे. सगळ्यांनी टोप्या काढलेल्या, आणि कुणीच स्थिर उभं नव्हतं. सगळे या पायावरून त्या पायावर होत होते, अगदी हळू, लाटेवर बांधलेल्या होड्या हलाव्यात तसे. जुन्या समुद्री गवताचा वास होता, बंद विहिरीसारखा. आल्मुटनं सवयीनं कॅमेरा शोधला. मग दिवे शोधले. मग वर, छताकडे, माइकचा दांडा शोधला.

काहीच नव्हतं.

कोपऱ्यातल्या पेटीसारख्या पलंगावर एक बाई पडली होती. तिशीचीसुद्धा नसेल. तिचे केस ओले होते आणि उशीवरून पाण्याचा थेंब, मग थेंब, जमिनीवर पडत होता. कळ आली तशी ती ओरडली. आल्मुटनं स्टुडिओत शेकडो जणींना ओरडताना ऐकलं होतं. हे तसलं नव्हतं.

"ऐका..." आल्मुट म्हणाली. "काहीतरी चूक होतेय. मी... मी नटी आहे. खरी सुईण नाही. तुम्ही डॉक्टरला बोलवा."

कुणी जागा सोडली नाही.

"आम्ही बघितलंय तुम्हाला," पलंगावरची बाई धापा टाकत म्हणाली. "टाल्केच्या खिडकीतून, पडद्याच्या फटीतून. दर आठवड्याला... सगळे बघतो."

"ते खोटं असतं हो! ती बाहुली असते!"

"तुमच्या हातून एकही गेलं नाही," भिंतीकडून एक म्हातारी पुढे झाली. तिचे डोळे दुधी होते. "एकही नाही. आमच्याकडे एकही राहिलं नाही, बाई. जेव्हापासून पाणी आलंय तेव्हापासून. येतात, आणि श्वासच घेत नाहीत. आणि आता म्हणतात, तुम्ही जाणार."

पळावं, असं आल्मुटला वाटलं. पाय दाराकडे वळलेही. पण तेवढ्यात वीब्केनं तिचं मनगट पकडलं. तो हात इतका गार होता की हाडापर्यंत कळ गेली. आणि तरी ती पकड होती बाळंतिणीचीच, जगातल्या कुठल्याही बाळंतिणीची.

"सोडून नका ना जाऊ," ती म्हणाली. "मला भीती वाटते."

आल्मुटला पुढे कधीच सांगता आलं नाही की तिनं बाह्या केव्हा दुमडल्या. एवढंच आठवत होतं की तिच्या तोंडून शब्द यायला लागले. लेखकांनी लिहिलेले, रविवारचे, कितीदा म्हणून गुळगुळीत झालेले शब्द. "माझ्याकडे बघ. फक्त माझ्याकडे. आता श्वास सोड... हळू... अजून नाही... आता!" वीब्के ऐकत होती. भिंतीजवळची माणसंही ओठ हलवत होती. त्यांना वाक्यं पाठ होती.

डोकं आलं. आल्मुटनं बोट आत सरकवलं, शिकवलं होतं तसं, आणि तिला मानेभोवती नाळेचा वेढा लागला. स्टुडिओत तो नायलॉनचा असायचा. हा निसरडा होता, थंड होता, आणि त्यात काहीतरी ठोकत होतं. तिनं तो हळूच डोक्यावरून काढला. खांदे आले आणि मग सगळं एकदम तिच्या हातांत आलं. मुलगी होती. निळसर, शिंपल्याच्या आतल्या बाजूसारखी. हलत नव्हती.

भिंतीपासून एक उसासा उठला. फार जुना, सवयीचा.

"गप्प!" आल्मुट ओरडली. तिला स्वतःच्याच आवाजाची भीती वाटली. तिनं मुलीला पालथं धरलं, पाठ चोळली, तळवे चोळले. तोंडातून पाणी आलं, मग अजून पाणी, एवढ्याशा शरीरात मावणार नाही इतकं. ते संपेना. आल्मुट चोळतच राहिली. मालिकेतलं एकही वाक्य आता आठवत नव्हतं. "चल ना गं," ती नुसती म्हणत होती, "चल ना, चल ना गं बाई..." आणि ती रडत होती, ग्लिसरीनशिवाय.

मग मुलीनं श्वास घेतला.

तिचं रडणं ऐकलं आणि खोलीतलं ते हलणं थांबलं. सगळे पहिल्यांदाच स्थिर उभे राहिले. दुधी डोळ्यांची म्हातारी जमिनीवर बसली. आल्मुटनं मुलगी वीब्केच्या छातीवर ठेवली. ठेवताना तिच्या लक्षात आलं, मुलीचं अंग ऊबदार होतं. त्या घरात तेवढंच ऊबदार होतं.

"भरती लागली," तो वाकलेला माणूस म्हणाला. "चला."

परत येताना पाणी आधी घोट्यांना लागलं, मग गुडघ्यांना. धुक्यात कुणीतरी पातेलं बडवत होतं. तो माणूस थांबला. "पुढे आम्हाला येता येत नाही." त्याला अजून काही बोलायचं होतं, पण टोपी छातीशी धरून तो नुसता वाकला.

ती कमरेपर्यंत भिजून कुरणावर चढली, तेव्हा पातेलं टाकून सिग्रुन धावत आली आणि तिच्या गळ्यात पडली. यॉर्न मागे पांढराफटक उभा होता.

"कुठे होतीस तू? वेडबिड लागलंय का? तिकडे केव्हाच भरती आलीय! दोन पुरुष पाणी आहे आत्ता!"

"मला बोलवायला तो एक्स्ट्रा आला होता..."

"कुठला एक्स्ट्रा? आज एक्स्ट्रा आहेत कुठे?"

तिला टाल्केबाईंच्या स्वयंपाकघरात आणून बसवलं. म्हातारीनं इतरांना बाहेर घालवलं, गरम पाण्याचं घमेलं आणलं आणि आल्मुटचे हात आपल्या हातात घेऊन निरखून पाहिले. कोपरापर्यंत काहीतरी वाळून चिकटलं होतं. ते जॅम नव्हतं. म्हातारीनं घमेलं पुढे ओढलं. हात स्वच्छ धुतले, पुसले. मग खिडकीचा पडदा ओढता ओढता एवढंच म्हणाली,

"मुलगा की मुलगी?"

आल्मुटचे दात वाजत होते. "मुलगी," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी ऊन पडलं आणि शेवटचा प्रसंग झाला. यॉर्ननं डोळे पुसले, असं काम तू आयुष्यात केलं नाहीस म्हणाला. वर्तमानपत्रांनीही तेच लिहिलं. आल्मुटनं तो भाग पाहिला नाही. त्या रबरी बाहुलीला हातात धरताना तिला लाज वाटली होती, कुणाला तरी फसवत असल्यासारखी.

त्यानंतर तिनं फारसं काम केलं नाही. एका सिनेमात न्यायाधीश झाली, दुसऱ्यात कुणाची तरी सासू. कामं चांगली होती, लोक आदरानं वागायचे, पण कॅमेरा चालू झाला की तिची नजर भिंतींकडे जायची. तिथे कुणी उभं आहे का, हलतंय का. मग तिनं एजंटला सांगून टाकलं की आता पुरे. बर्लिनमध्ये क्योपेनिकला तिसऱ्या मजल्यावर तिचं घर होतं. एकटीच राहायची. रात्री झोप लागायची नाही, दिवसा एका जागी बसवायचं नाही. समुद्राच्या बाजूला ती पुन्हा गेली नाही. टाल्केबाई गेल्या तेव्हा फुलं पाठवली, स्वतः गेली नाही. आणि तरी कधी कधी, भाजी चिरताना, उगीचच, तिला आपल्या हातांत ती ऊब आठवायची. मग सुरी तशीच ठेवून ती खिडकीशी जाऊन उभी राहायची. एवढ्या कामांत, एवढ्या वर्षांत, तिची खरी गरज कुणाला पडली होती तर तिथेच, हे तिला कुणापाशी बोलता येण्यासारखं नव्हतं.

अशी सहा-सात वर्षं गेली.

गेल्या वसंतातली गोष्ट. भर दुपार होती, स्वच्छ ऊन. ती बाजारातून पाव आणि शतावरी घेऊन आली, तर पहिल्या मजल्यावरचे कोवालेक जिन्यात फरशी पुसत होते. रिटायर्ड ट्रामचालक. स्वच्छतेच्या बाबतीत फार कडक.

"राग मानू नका बाई," ते म्हणाले, "पण नातीला जरा पायपुसणं दाखवा. आज तिसऱ्यांदा पुसतोय मी."

"कुणाच्या नातीला?"

"तुमच्याच. ती बारकी. अनवाणी हिंडते, आणि केसांतून पाणी गळतंय. तळ्यावर पोहून येते की काय? मी म्हटलं, कुणाकडे गं? तर म्हणे, तिसऱ्या मजल्यावर, गेशेबाईंकडे." कोवालेक हसले. "बघा, पोरंसुद्धा तुम्हाला त्याच नावानं ओळखतात अजून."

आल्मुटनं कठडा धरला. "काय... काय म्हणाली अजून?"

"म्हणाली, आईनं निरोप दिलाय. आईचे परत दिवस भरलेत, तर बाईंना म्हणावं लवकर चला." त्यांनी फडकं पिळलं. "मी म्हटलं, अगं वेडे, त्या बाई नटी आहेत, त्या काय बाळंतपणं करतात? तर माझ्याकडे अशी बघते कशी... आणि म्हणते, माझ्या वेळी त्याच होत्या."

कोवालेकांनी बादली उचलली आणि ते पुटपुटत आत गेले. दार लागलं.

जिना रिकामा झाला. आल्मुट तशीच उभी राहिली. पायऱ्यांवर ऊन पडलं होतं, आणि नुकत्याच पुसलेल्या फरशीला साबणाचा वास यायला हवा होता. समुद्री गवताचा येत होता.

वर, तिच्या दारापाशी, काहीतरी हललं.

मग छोटी, ओली पावलं एकेक पायरी खाली उतरायला लागली. तिच्यासमोरून गेली. तिथे कुणी दिसत नव्हतं. पण बाजूनं जाताना तिच्या हातावर ऊब लागली, अगदी स्वच्छ, ओळखीची. पावलं खालच्या वळणावर थांबली. पुन्हा दोन पायऱ्या उतरली. पुन्हा थांबली, कुणीतरी मागून येतंय का, हे वळून बघत असावीत तशी.